वर विस्तव, खाली विस्तव
(घरी भाजलेल्या गोडाचा थोडासा इतिहास)

पाककृतींच्या वर्गांतून हल्ली ‘फ्रूट कॉबलर’ नावाचा एक पदार्थ हौसेने शिकविला जातो. नाव परके, पण पदार्थ अगदी साधा आहे. शिजवलेली गोड फळे खोलगट भांड्याच्या तळाशी घालावयाची, त्यांवर मऊसर पिठाचे गोळे चमच्याने सोडावयाचे आणि वरची बाजू बदामी होईपर्यंत भांडे भट्टीत भाजावयाचे. खाली फळांचा दाट रस, वर खुसखुशीत थर. कापणे नाही, सजवणे नाही. भांडे मध्ये ठेवून सर्वांनी वाढून घ्यावे. मुलांना तो आवडतो, वेळ थोडा लागतो, म्हणून तो घरोघर होऊ लागला आहे.

हा पदार्थ शिकताना मनात एक प्रश्न येतो. भाकरी, पोळी, वरण, भात हा आपला स्वयंपाक तव्यावरचा आणि पातेल्यातला. त्यात भट्टीत भाजलेले गोड आले कोणत्या वाटेने? आणि येण्यापूर्वी ते इतकी वर्षे दाराबाहेर का थांबले? या प्रश्नाचे उत्तर शोधू लागले, की पाककृतीच्या वहीतून आपण थेट समाजाच्या इतिहासात जाऊन पोहोचतो. म्हणून स्मरणिकेच्या या पानांवर त्याचाच थोडा मागोवा घ्यावा असे ठरविले.

आधी मूळ पदार्थाचे पाहू. कॉबलर हा अमेरिकेतला. इंग्लंडातून अमेरिकेत जाऊन वसलेल्या कुटुंबांना मायदेशी सफरचंदातली, मांसातली भरण घातलेली पिठाची पुडिंगे आणि ‘पाय’ करण्याची सवय होती, असे सरसकट म्हणण्यापेक्षा फळे आणि पीठ एकत्र शिजविण्याची सवय होती, एवढे म्हणणे पुरे. नव्या मुलुखात पश्चिमेकडे सरकत जाणाऱ्या या लोकांजवळ विटांची पक्की भट्टी नसे. होते ते एक जाड बिडाचे झाकणाचे भांडे. त्याच्या झाकणाला उभा काठ असे, म्हणजे वर ठेवलेले निखारे खाली घसरत नसत. भांडे निखाऱ्यांवर ठेवावयाचे, झाकणावरही निखारे रचावयाचे आणि आत पदार्थ भाजू द्यावयाचा. नीट लाटलेली पारी करण्याइतकी सवड आणि साधने नसल्यामुळे पिठाचे गोळेच फळांवर टाकत. कोणी म्हणतात, ते गोळे दगडी फरसबंदीसारखे दिसतात म्हणून हे नाव पडले.

लेटिस ब्रायन नावाच्या बाईंनी ‘द केंटकी हाउसवाइफ’ हे पाकशास्त्राचे पुस्तक १८३९ साली प्रसिद्ध केले. त्यात पीच या फळाचा असा पदार्थ आहे, आणि त्याविषयी बाईंचा अभिप्राय मोठा मार्मिक आहे. पाहुण्यांपुढे मिरवावा असा हा पदार्थ नव्हे, पण घरच्या माणसांसाठी उत्तम, अशा अर्थाचे त्या लिहितात. ‘घरच्या माणसांसाठी’ हे शब्द ध्यानात ठेवू. पुढे त्यांचे काम पडणार आहे.

झाकणावर निखारे ही युक्ती मात्र अमेरिकेची मिरासदारी नव्हे. आपल्या कोकणातील आणि गोव्यातील बायका ती पिढ्यान्‌पिढ्या जाणतात. जून झालेली पिवळी काकडी किसून, तीत तांदळाचा रवा, गूळ आणि ओले खोबरे घालून जे धोंडस किंवा तवसाळी करतात, ती अशीच भाजतात. जाड बुडाच्या भांड्यात मिश्रण ओतावयाचे, खाली मंद विस्तव, वर झाकणावर निखारे. कडा खरपूस होतात, मधला भाग मऊ राहतो. फळ, धान्य आणि गूळ घालून भाजलेले हे गोड पाहिले, म्हणजे कॉबलर आपल्याला फारसा परका वाटू नये. मुंबईच्या पाठारे प्रभू घरांतले भानोले याच रीतीने होते. गोव्याची बेबिंका तर थरावर थर घालीत वरच्या आचेवरच भाजली जाते. तेव्हा भाजण्याची विद्या मराठी स्वयंपाकघरात होतीच. तिला लोखंडी पेटीची वाट पाहावी लागली नाही.

मग आपल्या सोलापूरकडे असे पदार्थ का रुजले नाहीत? याचे पहिले उत्तर आपल्या ज्वारीत आहे. गव्हाच्या पिठाला पाणी लावून मळले, की त्याला चिकटपणा आणि ताण येतो. पीठ आंबले म्हणजे जी हवा तयार होते, ती या ताणात अडकून राहते आणि पाव फुगतो. ज्वारीच्या पिठात हा ताण नाही. म्हणून तर भाकरी लाटता येत नाही, थापावी लागते, आणि पीठ उकळत्या पाण्याने भिजवावे लागते. ज्या मुलुखात ज्वारी हे रोजचे अन्न, तेथे पाव आणि पावाची भट्टी घरात जन्माला येणे शक्यच नव्हते. तव्यावर थापलेली भाकरी वाळवून कडक करणे, ही आपल्याकडची टिकाऊ अन्नाची युक्ती. सोलापूरची कडक भाकरी आणि शेंगाचटणी यांचे नाव आज दूरवर गेले आहे, ते उगीच नाही.

दुसरे उत्तर जळणाचे. आपला जिल्हा कमी पावसाचा. तुराट्या, पऱ्हाट्या, गोवऱ्या यांवर चूल पेटवावयाची, तर तास-तासभर भट्टी तापत ठेवणे परवडावे कसे? झटकन पेटणारा जाळ भाकरीला चांगला, पण मंद निखाऱ्यांना चांगले लाकूड किंवा कोळसा हवा.

तिसरे उत्तर अधिक अवघड आहे, आणि तेच या लेखाचे खरे कारण आहे. ते म्हणजे विटाळ.

पाव हा शब्दच पोर्तुगीज. तो गोव्याच्या वाटेने आला. पाव भाजणारे हात बहुधा ख्रिस्ती किंवा मुसलमान, आणि पाण्यात भिजवलेले, आंबवलेले पीठ, म्हणून सोवळ्याओवळ्याच्या हिशेबात तो पदार्थ दुहेरी वर्ज्य ठरला. कोरडा चिवडा एक वेळ चालेल, पण पाव आणि बिस्कीट चालावयाचे नाही. या समजुतीचे टोक पाहावयाचे असेल, तर १८९० सालच्या पुण्यातील पंचहौद मिशनच्या प्रकरणाकडे पाहावे. त्या वर्षीच्या ऑक्टोबरात तेथे एका व्याख्यानाला पुण्यातील नामवंत मंडळी जमली होती. त्यांत न्यायमूर्ती रानडे होते, लोकमान्य टिळकही होते. व्याख्यानानंतर चहा आणि बिस्किटे पुढे आली. कोणी घेतली, कोणी नुसता हात लावला. पुढे नावे वर्तमानपत्रात छापून आली आणि मोठे ग्रामण्य उभे राहिले. प्रकरण शंकराचार्यांपर्यंत गेले, बहिष्काराची भाषा झाली, आणि अखेर अनेकांना प्रायश्चित्त घ्यावे लागले. टिळक आणि रानडे यांचाही त्यांत समावेश होता.

या कार्यक्रमामागे गोपाळराव जोशी होते. डॉक्टर आनंदीबाई जोशी यांचे हे पती. आनंदीबाई १८८३ साली अमेरिकेस गेल्या, फिलाडेल्फियाच्या स्त्रियांच्या वैद्यकीय महाविद्यालयातून १८८६ साली पदवीधर झाल्या आणि पुढच्याच वर्षी, फेब्रुवारी १८८७ मध्ये, पुण्यात वारल्या. परमुलुखातही त्यांनी आपला आहार सोडला नव्हता. ज्या घरातील बाई अमेरिकन कुटुंबात राहून आपला आचार सांभाळीत शिकून आली, त्याच घरच्या माणसाने तीन वर्षांनी एका बिस्किटाने सारे पुणे हलवून सोडावे, हा योगायोग विचार करण्यासारखा आहे.

या प्रकरणाचे वर्णन बहुधा पुरुषांच्या नावांनी होते. पण बहिष्कार म्हणजे काय, हे घरातील बायकांना अधिक कळले असणार. बहिष्कृत घरी भटजी येत नाही, श्राद्धपक्ष अडतो, लग्ने जुळत नाहीत, माहेरी-सासरी जाण्याची पंचाईत होते. बिस्कीट बैठकीत खाल्ले गेले. त्याची झळ माजघरात पोहोचली. रमाबाई रानडे यांनी १९१० साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या आठवणींत या दिवसांविषयी लिहिले आहे. याच रमाबाईंनी पुण्यास १९०९ साली सेवासदन उभारले, आणि त्याच सेवासदनाची शाखा आपल्या सोलापुरात निघून तिने येथील अनेक पिढ्यांच्या मुलींना शिकविले. म्हणजे हे प्रकरण आपल्यापासून वाटते तितके दूरचे नाही.

सोलापुरात भट्टीच्या पदार्थांची गाठ पडण्याची ठिकाणे दोन होती. १८६० साली आगगाडी येथे आली. त्यानंतरच्या काळात अमेरिकन मराठी मिशनने येथे ठाणे मांडले. वोरोनोको ही मुलींची शाळा त्याच मिशनची. या बंगल्यांतल्या बायका खास अमेरिकेतूनच आलेल्या. त्यांच्या घरी त्यांच्याकडचे भाजलेले गोड होत असले, तर नवल नाही. पण गावाच्या आणि त्या बंगल्यांच्या मध्ये खाण्याच्या बाबतीत मोठी भिंत होती. मुली तेथे अक्षरे शिकल्या. भांड्यातला घास मात्र सहजी घेता येण्यासारखा नव्हता.

दुसरे ठिकाण गावातली बेकरी. सोलापूरची पहिली कापड गिरणी १८७७ साली सुरू झाली आणि पाहता पाहता हे गिरणगाव झाले. मराठी, तेलुगू, कानडी, उर्दू अशा चार भाषा बोलणारी माणसे येथे एकत्र आली. भल्या पहाटे पाळीला निघणाऱ्या माणसाला चहाबरोबर पाव किंवा खारी ही मोठी सोय. चुलीपुढे कोणाला बसावे लागत नाही. ज्या कामकरी घरांतून बाईही कामाला जात असे, तेथे पावाने विटाळाचा प्रश्न फार काळ टिकू दिला नाही. पोटाने नियम बदलला.

पांढरपेशा घरांनी मात्र मोठी चतुर वाट काढली, ती नानकटाईची. दिवाळी जवळ आली, की मैदा, पिठीसाखर आणि तूप घरी फेसावयाचे, किंवा सामान घेऊन बेकरीत जावयाचे, आपल्यासमोर पत्रे लावून घ्यावयाचे आणि डबा भरून घरी परत. महाराष्ट्रातल्या पुष्कळ गावांत ही चाल होती, आणि काही ठिकाणी अजूनही आहे. पीठ आपले, तूप आपले. विस्तव तेवढा बेकरीवाल्याचा. विस्तवाला विटाळ नाही, या जुन्या समजुतीने अडचण सोडविली. त्या भट्टीपुढे बाकावर आपला पत्रा बाहेर निघण्याची वाट पाहत ज्या बायका बसल्या, त्यांच्या शेजारी निरनिराळ्या आळीतल्या, निरनिराळ्या जातीधर्मांच्या बायकाही बसल्या होत्या. सभा-परिषदांतून जे साधले नाही, ते थोडेफार त्या बाकावर साधले असेल.

पुस्तकांनीही साहाय्य केले. लक्ष्मीबाई धुरंधर यांचे ‘गृहिणीमित्र अथवा एक हजार पाकक्रिया’ हे पुस्तक १९१० साली निघाले. देशी पदार्थांबरोबर विलायती पद्धतीचे पदार्थही त्यात मराठी गृहिणीला मराठीतून सांगितले होते. पुढे १९७० साली कमलाबाई ओगले यांचे ‘रुचिरा’ आले. वाटी आणि चमच्याच्या मापाने सांगण्याची त्यांची रीत घरोघर पोहोचली, आणि केक-बिस्किटे मध्यमवर्गीय स्वयंपाकघरात निःसंकोच आली.

साधने मात्र बायकांनी स्वतःच जुळविली. मोठ्या पातेल्यात दोन बोटे वाळू घालून ती तापवावयाची, तीत तिवई ठेवून वर केकचे भांडे, त्यावर घट्ट झाकण. आणि झाकणावर निखारे. शेगडी जाऊन स्टोव्ह आणि गॅस आले, तेव्हा निखारे संपले. मग कोणी तापवलेला तवा झाकणावर ठेवू लागले. कुकरची शिटी आणि रबर काढून त्याचीच भट्टी केली गेली. नंतर झाकणाला काच असलेली विजेची गोल भट्टी आली. साधन बदलले, तत्त्व तेच राहिले: वर विस्तव, खाली विस्तव.

धान्याचीही एक गोष्ट येथे नोंदवावयास हवी. १९५६ च्या करारानंतर अमेरिकेचा गहू मोठ्या प्रमाणावर आपल्या देशात येऊ लागला आणि रेशनच्या दुकानांतून घरोघर गेला. १९७२ च्या दुष्काळात आपल्या जिल्ह्याने फार सोसले. लाल मिलो ज्वारीच्या भाकऱ्या त्या पिढीतल्या भगिनींच्या चांगल्या स्मरणात आहेत. टंचाईत आलेले अन्न आवडीने खाल्ले जात नाही. आज अमेरिकेतला एक पदार्थ आपण हौसेने, आपल्या मर्जीने करतो, आणि त्यात आपलीच ज्वारी घालू शकतो, हा फरक लहान नाही.

येथे एका गोष्टीचा निःपक्षपाती विचार केला पाहिजे. आपण घरी भाजू लागलो, ती सोय म्हणून की सोवळे म्हणून? पुष्कळ घरांत दोन्ही कारणे होती. ‘बाहेरचे नको, घरीच करू’ या वाक्यात स्वच्छतेची काळजी असते, काटकसर असते. पण त्याच वाक्याच्या आड ‘त्यांच्या हातचे नको’ हेही कधी कधी लपलेले असते. आपल्याच जिल्ह्यात, पंढरपुरास, हरिजनांना विठ्ठलमंदिर खुले व्हावे म्हणून साने गुरुजींनी मे १९४७ मध्ये उपोषण केले. देवाचे दार उघडले. आपल्या ताटाचे दार किती उघडले, हे प्रत्येकीने आपल्याशी पाहावे. घरी भाजण्याची हौस जरूर असावी. पण शेजारणीने तिच्या हातचे आणून दिले, तर ते तितक्याच हौसेने खाल्ले पाहिजे. एरवी १८९० सालचे बिस्कीट अजून आपल्या घशात अडकले आहे, असेच म्हणावे लागेल.

आता पाककृती. सहा माणसांसाठी पाऊण किलो पिकलेले पेरू घ्यावेत. बिया काढून फोडी कराव्या, शंभर ग्रॅम साखर, थोडे पाणी आणि एक चमचा लिंबाचा रस घालून आठ-दहा मिनिटे शिजवाव्या. एक मोठा चमचा कणीक थंड पाण्यात कालवून त्यात घालावी, म्हणजे रस दाट होतो. पेरूऐवजी आंबा किंवा अननस चालेल. सीताफळ घेऊ नये. शिजवले की ते कडवट होते. सोलापूरच्या डाळिंबाला २०१६ साली भौगोलिक मानांकन मिळाले आहे, त्याचा मान राखावा. पण दाणे भाजू नयेत, पदार्थ तयार झाल्यावर वरून पेरावेत.

वरच्या गोळ्यांसाठी शंभर ग्रॅम कणीक, पन्नास ग्रॅम ज्वारीचे पीठ, दोन मोठे चमचे साखर, दीड लहान चमचा बेकिंग पावडर, चिमूटभर सोडा आणि चिमूटभर मीठ एकत्र चाळावे. त्यात साठ ग्रॅम थिजलेले तूप बोटांनी चोळावे. शेवटी साधारण अर्धी वाटी ताक घालून पीठ हलक्या हाताने एकत्र करावे, मळू नये. कॉबलरचे पीठ पावासारखे ताणले जावयाचे नसते. म्हणून ज्या गुणाअभावी ज्वारीचा पाव होत नाही, त्याच गुणाअभावी येथे ती खुसखुशीतपणा आणते. मंगळवेढ्याची मालदांडी असेल तर उत्तमच.

फळे गरम असतानाच भांड्यात ओतून त्यांवर गोळे सोडावेत, म्हणजे गोळ्यांची खालची बाजू कच्ची राहत नाही. गोळ्यांमध्ये थोडी जागा ठेवावी. वाफ तेथून निघते. विजेच्या भट्टीत १८० अंशांवर पस्तीस ते चाळीस मिनिटे लागतात. वाळूच्या पातेल्यात पाऊण तास धरावा, आणि शेवटची दहा मिनिटे झाकणावर तापलेला तवा ठेवावा. बाहेर काढल्यावर दहा मिनिटे निवू द्यावे. तेवढ्यात रस आळतो.

आता केंटकीच्या त्या बाईंचे शब्द पुन्हा आठवू: घरच्या माणसांसाठी. आपल्या घरांत पोळ्यांचा दिवस म्हणजे काय असतो, हे सांगावयास नको. पंगतीत गरम पोळी पडावी म्हणून एक जण तव्यापुढे उभी. सगळ्यांचे झाल्यावर तिने उरलेले खावयाचे. घरच्या माणसांत ती स्वतःला धरतच नाही. भट्टीतला पदार्थ याला अपवाद आहे. तो एकदा आत गेला, की त्याला कोणी लागत नाही. चाळीस मिनिटे तिला मोकळी मिळतात, आणि भांडे बाहेर आले म्हणजे तीही सर्वांबरोबर बसू शकते. शतकापूर्वी बिस्किटाने पंगत मोडली. घरच्या भट्टीतून ती जोडता येईल. परंतु एवढे पथ्य पाळावे, की हा पदार्थ रोजच्या कामात आणखी एका कामाची भर ठरू नये. फळे मुलांनी चिरावीत, भांडी यजमानांनी विसळावीत. ज्या घरी हे जमणार नाही, त्या घरी कॉबलर न केलेलाच बरा.

मंडळाच्या वर्धापनदिनी पुष्कळ भगिनी आपापल्या घरून काही ना काही करून आणतात. यंदा कोणी हे भांडे घेऊन आल्या, तर ते टेबलाच्या मध्यभागी ठेवावे, आणि करणारीला पहिली वाटी द्यावी.